मोकळी जमीन म्हणजे नेमकी कोणती?

माझं ऑफिस लोअर परळला आहे. एका जुन्या गिरणीच्या आवारात. गेटमधून आत शिरलं की गिरणीचं धुराडं दिसतं. ते पाडलेलं नाही. रात्री त्याच्यावर खालून निळे दिवे सोडतात आणि लोक त्याच्यासमोर उभं राहून रील काढतात. आमच्या मजल्यावरच्या मीटिंग रूम्सची नावं ‘लूम’, ‘बॉबिन’ आणि ‘स्पिंडल’. नवीन होतो तेव्हा मला हे सगळं फार भारी वाटलं होतं. कंपनीला इतिहासाची केवढी जाण, वगैरे.

गेटबाहेर चहाची टपरी आहे. एकदा सर्व्हर पडला होता, सगळे वैतागून खाली आलो होतो. सहज विचारलं, “काका, किती वर्षं झाली इथे?”

“टपरीला वीस झाली. पण येतोय लहानपणापासून. वडील साचेखात्यात होते. त्यांचा डबा घेऊन यायचो. तुझी ती काचेची बिल्डिंग आहे ना, तिथेच कुठेतरी होतं ते खातं.”

“मग आत जाऊन बघितलंत का कधी?”

“आत कोण सोडतंय? पास लागतो ना, बाबा.”

काका हे तक्रारीच्या सुरात बोलले नाहीत. चहा गाळत गाळत बोलले. माझ्या गळ्यात तो पास लटकत होता.

त्या दिवसापासून मी एक प्रश्न धरून बसलोय. ही जागा त्यांच्याकडून माझ्याकडे आली कशी? कुणीतरी कधीतरी काहीतरी ठरवलं असणार. ते कुठे लिहिलंय? शोधायला लागलो तेव्हा वाटलं होतं, उत्तर खूप गुंतागुंतीचं असेल. ते एका शब्दात निघालं.

स्क्रीनवर ओरडून काय उपयोग?

शहर आणि सत्ता यांच्याबद्दल बोलायचं म्हटलं की आपण सगळे मान वर करतो. किती मजले, किती काच, गच्चीवर हेलिपॅड आहे का. नाहीतर तो नेहमीचा फोटो शेअर करतो : पुढे निळी ताडपत्री, मागे टॉवर. खाली कॅप्शन, ‘दोन मुंबई’. हळहळ व्यक्त होते आणि आपण पुढच्या पोस्टवर जातो.

मला तो फोटो आता खोटा वाटतो. त्यात दिसतं ते खरं असतं, पण तो आपल्याला चुकीच्या जागी बघायला लावतो. मी पोटापाण्यासाठी कोड लिहितो. स्क्रीनवर आकडा चुकीचा आला तर आम्ही स्क्रीनवर ओरडत नाही. तो आकडा कुठून आला, कोणत्या व्याख्येवरून आला, ती व्याख्या कोणी आणि कधी बदलली, हे मागे मागे जात शोधतो. टॉवर हा स्क्रीनवरचा आकडा आहे. कोड वेगळीकडे आहे. त्याचं नाव विकास नियंत्रण नियमावली. ती कंटाळवाणी आहे, आणि तिचा कंटाळवाणेपणा काही लोकांच्या चांगलाच पथ्यावर पडतो.

एका शब्दाची गोष्ट

मुंबईत ५८ कापड गिरण्या होत्या. त्यांची मिळून साधारण ६०० एकर जमीन, तीही शहराच्या ऐन मध्यावर : परळ, लालबाग, वरळी, भायखळा. १८ जानेवारी १९८२ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. पुढे गिरण्या एकेक करत थंडावल्या आणि प्रश्न आला जमिनीचा.

इथे एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. ही जमीन औद्योगिक विभागात होती. म्हणजे मालक मालक असला तरी तिथे त्याला मॉल किंवा ऑफिसं बांधता येत नव्हती. त्यासाठी वापर बदलायची परवानगी हवी. ती देणार सरकार, म्हणजे तुमच्या-माझ्या वतीने बसलेली माणसं. जमिनीला सोन्याचा भाव आला तो या परवानगीमुळे. गिरणीच्या जमिनीची किंमत गिरणीने वाढवलेली नव्हती, शहराने वाढवलेली होती.

म्हणून १९९१च्या नियमावलीत नियम ५८ आला. ढोबळमानाने तो असा होता : गिरणीच्या जमिनीचा पुनर्विकास करायचा तर तिचे तीन वाटे करा. एक महापालिकेला, बागा-मैदानांसाठी. एक म्हाडाला, घरांसाठी. उरलेला मालकाचा. जमिनीच्या आकारानुसार टक्केवारी थोडी बदलायची, पण साधारण एक-एक तृतीयांश. ही काही मालकांकडून घेतलेली भीक नव्हती. परवानगीची ती किंमत होती.

२००१ साली या नियमात फेरबदल झाला. तीन वाटे तसेच ठेवले. वाटेकरीही तेच. बदललं इतकंच की वाटे कशाचे करायचे. वाटणी ‘मोकळ्या’ जमिनीची होणार. आणि मोकळी म्हणजे जिच्यावर आधीपासून बांधकाम नव्हतं तेवढीच. शेड पाडून जी जमीन रिकामी होईल ती मोकळी धरायची नाही.

कागदावर गणित मांडून बघा. समजा, एक गिरणी १५ एकरांवर आहे. त्यातले १२ एकर शेडखाली, ३ एकर मोकळे. शेड पाडून सगळं नव्याने बांधायचं आहे. पहिल्या हिशोबाने ५ एकर शहराला, ५ एकर घरांना, ५ एकर मालकाला. दुसऱ्या हिशोबाने वाटणी फक्त ३ एकरांची. १ एकर शहराला, १ घरांना, आणि मालकाकडे १३.

पाचाचे तेरा झाले. एकही वीट हलली नाही, कुणाच्या अंगावर बुलडोझर आला नाही, कुठे लाठीमार झाला नाही. एका शब्दाची व्याख्या बदलली. गिरणी म्हणजे मुळात शेडच. तिच्याकडे मोकळी जमीन असणार तरी किती? व्याख्या लिहिणाऱ्याला हे माहीत नसेल यावर माझा विश्वास नाही.

यात अजून एक गंमत आहे. हा फेरबदल महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ याच्या कलम ३७ खाली केला गेला. त्या कलमाची अट अशी की फेरबदलाने आराखड्याचं मूळ स्वरूप बदलता कामा नये. ऑक्टोबर २००५मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने पर्यावरणवादी संघटनेच्या याचिकेवर मालकांच्या विरोधात निकाल दिला. मार्च २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला आणि २००१चा फेरबदल वैध ठरवला. विषय संपला. आज लोअर परळमध्ये जे दिसतं, ते या निकालानंतरचं दृश्य आहे.

‘पण गिरण्या बंदच पडणार होत्या ना?’

हो, कदाचित. जगभरात पडल्या. पण गिरणी बंद पडणं आणि गिरणीची जमीन कुणाला जाणं हे दोन वेगळे प्रश्न आहेत. पहिल्याचं उत्तर देऊन दुसरा गिळायचा, ही या वादातली सगळ्यात जुनी चलाखी आहे. यंत्रं जुनी झाली होती हे मान्य. जमीन जुनी झाली नव्हती.

दुसरा मुद्दा जास्त वजनदार आहे आणि तो टाळण्यात अर्थ नाही. १९९१चा नियम चालत नव्हता. दोन तृतीयांश सोडावं लागेल म्हणून मालक पुढेच येत नव्हते. काहींनी शेड न पाडता आतल्या आत वापर बदलायला सुरुवात केली होती. फिनिक्स मिलमध्ये नव्वदच्या दशकातच बोलिंग ॲली आली होती, ती आठवा. दुसरीकडे कामगारांची देणी थकलेली. जमिनीतून पैसा सुटल्याशिवाय ती मिळणार कुठून? सरकारची बाजू ही होती आणि ती पोकळ नाही.

पण नियम चालत नाही म्हटल्यावर दुरुस्तीचे रस्ते अनेक असतात. आतल्या आत वापर बदलायची पळवाट बंद करता आली असती. मुदत घालता आली असती. चार्ल्स कोरियांच्या अध्यक्षतेखालच्या अभ्यासगटाने १९९६मध्येच सांगितलं होतं की एकेक गिरणी सुटी सुटी बघू नका, जमिनी एकत्र धरून रस्ते, मोकळ्या जागा आणि घरं यांचा मिळून विचार करा. म्हणजे पर्याय टेबलावर होता. निवडला गेला तो रस्ता, ज्यात शहराचा वाटा सगळ्यात जास्त आटत होता. सिस्टीम अडकली म्हणून दुरुस्त करायला घेतलेला कोड नेमका एकाच पार्टीच्या खात्यात पैसे वळवत असेल, तर आम्ही त्याला बग म्हणत नाही.

‘सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलंय’ हेही ऐकवलं जातं. न्यायालयाने ठरवलं की सरकारला असा नियम करता येतो. तो शहाणपणाचा होता का, हे ठरवायचं काम आपलं होतं, आणि आपण ते केलं नाही.

आणि हे फक्त खासगी मालकांपुरतं नव्हतं. २००५मध्ये केंद्र सरकारच्या मालकीच्या राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाने मुंबई टेक्सटाइल मिलची साधारण १७ एकर जमीन डीएलएफला ७०२ कोटींना विकली. २०१२मध्ये तीच जमीन लोढा समूहाने सुमारे २७०० कोटींना घेतली. सात वर्षांत जवळपास चौपट. सरकारच्या हातात असलेली, दादर-वरळीच्या पट्ट्यातली १७ एकर जमीन. तिथे मैदान हवं की टॉवर, हे विचारायला कुणी तुमच्या घरी आलं होतं?

गाडीचं क्षेत्रफळ, माणसाचं क्षेत्रफळ

‘मोकळी’ हा एकच शब्द असा नाही. एकदा व्याख्या बघायची सवय लागली की सगळीकडे दिसायला लागतात.

आमच्या भागातले टॉवर तुम्ही पाहिले असतील. पहिले सहा-सात मजले भकास असतात, जाळ्या लावलेले, आणि माणसं त्याच्या वर राहतात. मला वाटायचं, ही फॅशन असेल. मग कळलं की नियमाने लागणारं पार्किंग एफएसआयमध्ये मोजलं जात नाही. एफएसआय म्हणजे प्लॉटवर किती बांधायला परवानगी आहे, त्याचा हिशोब. माणसाची खोली त्या हिशोबात येते. गाडीची जागा येत नाही. कायद्याच्या नजरेत ते सात मजले जवळपास अदृश्य आहेत. रस्त्यावरून चालणाऱ्याला मात्र दिसतात, कारण खालच्या दुकानांची, ओट्यांची, खिडक्यांची जागा त्यांनीच घेतलेली आहे.

आता आकडे शेजारी शेजारी ठेवा. मोठ्या गाडीच्या पार्किंगचं प्रमाण माप अडीच मीटर बाय साडेपाच मीटर, म्हणजे १४८ चौरस फूट. शंभर वर्षांपूर्वी वरळी, नायगाव आणि ना. म. जोशी मार्गावर उभ्या राहिलेल्या बीडीडी चाळींमधली खोली १६० चौरस फूट. त्या खोलीत तीन-तीन पिढ्या राहिल्या. आणि गिरणी कामगारांसाठी २०१२मध्ये ज्या ६,९२५ घरांची सोडत निघाली, ती घरं २२५ चौरस फुटांची. कामगाराच्या आयुष्यभराच्या घामाचा मोबदला दीड गाडीएवढा. त्यातली गाडी मोजायची नाही, घर मात्र इंच-इंच मोजायचं.

हे कुणा दुष्ट माणसाने ठरवलं असं मी म्हणत नाही. तक्ता बनवणाऱ्या टेबलाभोवती जे बसले होते, त्यांच्याकडे गाड्या असणार. त्यांना गाडीचा प्रश्न दिसला. प्रत्येकाला स्वतःची अडचण आधी दिसते. म्हणून तर टेबलाभोवती कोण बसतं हे महत्त्वाचं.

जिना कुणी मोजला नाही

गिरणी कामगार गिरणीच्या आसपासच राहायचा. भोंगा झाला की चाळीतून चालत निघायचा. तीन पाळ्या असल्यामुळे गर्दीही दिवसभरात विभागलेली. त्या जागी आता ऑफिसं आली आणि माझ्यासारखे आले. आम्ही डोंबिवली, विरार, पनवेलहून येतो. लोकलने येतो. आणि सगळे सकाळच्या त्याच दीड-दोन तासांत येतो.

नियमावलीत किती ऑफिसला किती पार्किंग याचा तक्ता असतो. किती ऑफिसला किती रेल्वे प्रवासी, आणि त्यांना किती रुंद जिना, असा तक्ता नसतो. जमीन राज्याच्या नियमांखाली, रस्ता महापालिकेचा, पूल रेल्वेचा. टॉवरला परवानगी देणाऱ्या कागदावर त्या पुलाचं नावसुद्धा यायची गरज नव्हती.

२९ सप्टेंबर २०१७च्या सकाळी पाऊस पडत होता. एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या पुलावर गर्दी तुंबली आणि चेंगराचेंगरीत २३ माणसं गेली. बरोबर तीन महिन्यांनी, २९ डिसेंबरच्या मध्यरात्रीनंतर कमला मिल्सच्या आवारातल्या पबना आग लागली, त्यात १४ गेली. पुलावर मेलेले वेगळे, पबमध्ये मेलेले वेगळे. पण दोन्ही जागा एकाच कहाणीतल्या आहेत. कारखान्यासाठी आखलेल्या आवारात आणि कारखान्यासाठी आखलेल्या स्टेशनवर आपण दुसरंच शहर कोंबलं, आणि कोंबताना फक्त विकता येण्याजोगं क्षेत्रफळ मोजलं.

नंतर लष्कराला बोलावून काही महिन्यांत नवा पादचारी पूल उभा केला. म्हणजे पूल उभारता येत होता. स्टेशनचं नावही २०१८मध्ये प्रभादेवी झालं.

तू पण तिथेच बसतोस ना?

हो. हा प्रश्न मला मित्रांनी विचारलाय आणि तो रास्त आहे. माझा पगार त्या काचेच्या इमारतीतून येतो. गिरणी राहिली असती तर मी तिथे नसतो. मी नोकरी सोडणार नाही. धुराड्याखाली उभा राहून मीही फोटो काढलेत.

पण ‘तुला फायदा झाला, आता गप्प बस’ या युक्तिवादात एक खोच आहे. फायदा झालेल्याने बोलायचं नाही, नुकसान झालेल्याचं ऐकायचं नाही, मग बोलणार कोण? आणि मला नक्की मिळालं काय? पास. तो नोकरीबरोबर जातो. मी त्या आवारात कामाला येतो, तिथे राहणं मला सात जन्मांत परवडणार नाही. ज्या म्हाडाच्या वाट्यातून कामगारांना घरं मिळाली असती, त्याच वाट्यातून माझ्या पिढीसाठीही परवडणारी घरं आली असती. पाच एकरांचा एक झाला तेव्हा मी शाळेतही जात नव्हतो. पण ते चार एकर माझेही गेले.

आज कामगार कुठे आहेत? घरासाठी दीड लाखांहून जास्त अर्ज आले. मुंबईत दिलेली घरं त्यापुढे मूठभर. आणि आता त्यांना घरं देऊ केली जात आहेत शेलू आणि वांगणीला. नकाशा उघडून बघा. बदलापूरच्याही पुढे. म्हणून तर २०२५च्या जुलैमध्ये ते म्हातारे कामगार आणि त्यांचे वारस पावसात आझाद मैदानावर उतरले आणि म्हणाले, घर द्यायचं तर मुंबईत द्या. त्यांच्या बाजूने बघा : ज्या जमिनीवर हक्क होता ती परळची, आणि हक्क वसूल होणार तो कर्जत तालुक्याच्या वेशीवर. ‘घर दिलं’ या वाक्यातल्या ‘घर’ या शब्दाचीही व्याख्या कुणीतरी लिहिलेली असते. त्यात अंतर धरलेलं नसतं.

नोटीस वाचा

आपल्याला ॲपच्या अटी न वाचता ‘ॲक्सेप्ट’ दाबायची सवय आहे. शहराच्या बाबतीत आपण तेवढंही करत नाही. आपल्या वतीने कुणीतरी दाबून टाकतं.

पण बटण आहे. कलम ३७ खाली फेरबदल करायचा तर राजपत्रात नोटीस द्यावी लागते आणि एक महिना हरकती-सूचना मागवाव्या लागतात. कुणाकडूनही. तुम्ही आर्किटेक्ट असायची गरज नाही, जमीनमालक असायची तर अजिबातच नाही. हा महिना बहुतेक वेळा शांततेत निघून जातो. बिल्डरांच्या सल्लागारांचा तो पगारी कामाचा महिना असतो. आपल्याला मात्र तो सुरू झालेला कळतसुद्धा नाही.

आणि कळलं तर काय होतं, त्याचंही उदाहरण आहे. मुंबईचा २०१४–३४चा विकास आराखडा २०१५च्या फेब्रुवारीत प्रसिद्ध झाला. लोकांनी तो खरंच उघडून बघितला. चुकाच चुका निघाल्या. हजारो हरकती गेल्या, गल्लोगल्ली बैठका झाल्या, आणि एप्रिलमध्ये मुख्यमंत्र्यांना तो आराखडा नव्याने करायचा आदेश द्यावा लागला. नंतर आलेला आराखडा काही आदर्श नव्हता. पण त्या दोन-तीन महिन्यांनी दाखवून दिलं की हा कोड वाचता येतो. वाचणारे पुरेसे असले तर तो परतही पाठवता येतो.

तुम्ही पुण्यात असा, नाशकात असा, नागपुरात असा. तुमच्याकडेही नियमावली आहे आणि तिच्यातही ‘मोकळी’सारखा एखादा निरुपद्रवी दिसणारा शब्द बसलेला असणार. तुमच्या टेकडीवर, नदीकाठच्या रेषेत, गावठाणाच्या हद्दीत. टॉवर उठल्यावर त्याच्या उंचीवर लेख लिहिणं सोपं आहे, मीही लिहीन. पण तोपर्यंत वीस वर्षं उलटून गेलेली असतात.

काकांना परवा हे सगळं सांगितलं. पाच एकर, तेरा एकर, व्याख्या, राजपत्र. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, “म्हणजे हे सगळं लिहून ठेवलेलं होतं?”

“हो काका. छापलेलं होतं.”

“मग आम्हाला वाचून कुणी दाखवलं नाही.”